चौदा नंबरची आई

कनकवल्लीने एकशे नऊ सिनेमांत काम केलं. त्यांतल्या अकरांत ती जिवंत होती. बाकीच्या अठ्ठ्याण्णवांत ती भिंतीवर होती. काचेची चौकट, चंदनाचा हार आणि खाली मिणमिणणारा लाल बल्ब.

आमच्या कोडंबाक्कमात, म्हणजे मद्रासच्या सिनेमावाल्यांच्या वस्तीत, मेलेल्या आईसाठी नटी लागत नाही, चौकट लागते. ती वडपळनीच्या देवळामागे नाच्चियप्पन चेट्टियारांच्या दुकानात भाड्याने मिळते. दुकानात पुढे राजांची सिंहासनं, पोलिसांच्या टोप्या, काळे टेलिफोन, दवाखान्याच्या खाटा. मागच्या भिंतीवर सगळे मेलेले. बाप, आजोबा, मिशीवाले सरदार, लढाईत गेलेले मुलगे. प्रत्येकाला नंबर. शूटिंगवरून फोन यायचा, "चेट्टियार, सहा नंबरचा बाप आणि चौदा नंबरची आई पाठवा. हार तुमचाच द्या, मागच्या वेळचा झडला होता."

चौदा नंबरची आई म्हणजे कनकवल्ली. ती तिथून दोन गल्ल्या सोडून, ट्रस्टपुरमात, नवऱ्यासोबत राहत होती. रोज सकाळी चेट्टियारांच्या दुकानावरून भाजी घेऊन जायची. चेट्टियारांनी तिला कधी ओळखलं नाही. मेलेली माणसं भाजी आणत नाहीत असा त्यांचा समज.

ती मणप्पारै गावची. आई मुरुक्कू, म्हणजे तिकडच्या चकल्या, तळून स्टेशनावर विकायची, बाप नाटक कंपनीत पेटी वाजवायचा. बाप गेल्यावर मामाने तिला मद्रासला आणलं. साल बहात्तर, वय वीस. माणसं पुरवणाऱ्या एजंटाने तिला नीट न्याहाळलं आणि मामाला सांगितलं, "चेहरा चांगला आहे हो. पण पाठ फिरवली की लक्षात राहत नाही." हे त्याने दोष म्हणून सांगितलं नव्हतं. गर्दीला असेच चेहरे लागतात.

मग ती नायिकेची मैत्रीण झाली, डावीकडून तिसरी. नर्स झाली. विहिरीवरची बाई झाली. एकदा तिला वाक्य मिळालं, "बाळा, जेवून तरी जा." तेही तिच्या आवाजात राहिलं नाही. बोली मणप्पारैची आहे म्हणून आवाज दुसरीचा घातला. शूटिंगवर शिवकोळुंदू नावाच्या लाइटमनशी ओळख झाली, लग्न झालं. मूल झालं नाही.

एकोणऐंशी साली तिला पहिली मोठी भूमिका आली. नायकाची आई. नायक एकोणचाळीस वर्षांचा, आई सत्तावीस. केसांना पावडर फासली, अंगावर मरून रंगाचं उसनं कांजीवरम चढवलं. आई चौथ्या रिळात मरणार होती, म्हणून फोटो आधीच काढून चौकटीत बसवून ठेवला. त्या फोटोतली तिची नजर जरा डावीकडे वळलेली आहे. त्यामुळे नायक कुठेही उभा राहून रडला तरी आई त्याच्याकडेच बघतेय असं वाटतं. डोळ्यांत काय ती माया, काय ती काळजी! पुढे दिग्दर्शक त्यावर बोलायचे. खरी गोष्ट अशी, की सकाळपासून तिच्या पोटात काही नव्हतं आणि डावीकडून मेसवाला इडल्यांचं ताट घेऊन चालला होता.

सिनेमा तीन रिळांतच बंद पडला. निर्माता आणि त्याचा भागीदार भांडले. कनकवल्लीचा मरण्याचा सीनसुद्धा झाला नाही. सामान चेट्टियारांनी उचललं, त्यात ती चौकट गेली. आणि तिथून चौकट कामाला लागली.

कनकवल्लीला हे दोन वर्षांनी कळलं. नवराबायको सिनेमाला गेले होते. पडद्यावर नायक भिंतीपाशी जाऊन हंबरडा फोडू लागला आणि शिवकोळुंदू खुर्चीतून अर्धा उठला. "अगं, ही तू!"

तिनेच मला सांगितलं, आधी तिला आनंद झाला. अख्खा मिनिटभर पडदाभर तोंड! नायिकेलाही एवढं मिळालं नव्हतं. घरी आल्यावर सासूने एकच प्रश्न विचारला आणि आनंद गेला.

"हार काढला का? हसवलं का तुला?"

आमच्या लाइनीत एक रीत आहे. जिवंत माणसाला पडद्यावर मेलेलं दाखवलं, तिरडीवर झोपवलं, त्याच्या फोटोला हार घातला, तर त्याला तसंच घरी पाठवत नाहीत. हार उतरवायचा, कापूर ओवाळायचा, कोहळा फोडायचा आणि त्याला हसवून एक फोटो काढायचा. कॅमेऱ्याने शेवटचं बघितलं ते हसतं तोंड असलं पाहिजे. मोठ्यातल्या मोठ्या नटालाही हे चुकत नाही. देव नाही म्हणून भाषणं ठोकणारे दिग्दर्शकही कोहळ्यासाठी थांबतात. यमाला कळलं पाहिजे की हे नाटक होतं. नाही कळलं तर तो घरी येतो, आणि आलाच आहे तर मोकळ्या हाताने परत जात नाही, घरातलं दुसरं कोणीतरी घेऊन जातो.

मी हे मानत नाही. पण तीस वर्षं कपडे शिवायला त्या सेटांवर बसले, न मानणारी मी एकटीच होते हेही सांगते.

चेट्टियारांकडे जाऊन "मी जिवंत आहे" एवढं सांगितलं असतं तर प्रश्न मिटला असता. ते तिने केलं नाही. जिवंत बाईची चौकट म्हणजे कोहळा, कापूर, बाईला आणा-पोचवा. कोण करतो? लोक तेरा नंबरची आई घेऊन गेले असते. चौकट बंद म्हणजे तिचं काम बंद. म्हणून तिने आपल्यापुरता तोडगा काढला. चौकट कुठल्या सिनेमात गेली ते लाइटमन नवऱ्याला कळायचं, तो सिनेमा लागला की पहिल्या दिवशी पहिला खेळ, आणि फोटो पडद्यावर आला की मोठ्याने हसायचं.

माझी तिची गाठ अशीच पडली. शहाऐंशी साल. पडद्यावर नायक आईच्या फोटोसमोर डोकं आपटतोय, सगळं थिएटर मुसमुसतंय, मीही पदर तोंडाला लावलेला. आणि माझ्या मागच्या रांगेत एक बाई खदाखदा हसायला लागली.

मी वळून म्हटलं, "काय गं ए, आई मेलीय त्याची! लाज वाटत नाही?"

"मेलेली मीच आहे," ती म्हणाली. "तू पुढे बघ."

"दारू पिऊन आलीस का?"

शेजारी बसलेला तिचा नवरा अजिजीने म्हणाला, "तायडे, एवढा फोटो जाऊ दे. फोटो गेला की ती गप्प बसते."

आणि खरंच, फोटो गेला तशी ती गप्प बसली. मध्यंतरात मी भांडायला उठले, उजेडात तिचं तोंड बघितलं, आणि माझं भांडण तोंडातच राहिलं. तीच नजर. डावीकडे भजीवाला उभा होता.

त्या दिवसापासून ती माझी अक्का आणि मी तिची टेलरम्मा. पुढे आम्ही गर्दीतल्या बायकांची संघटना बांधली. पाण्यासाठी, आडोशासाठी, कपडे बदलायच्या खोलीसाठी भांडलो. दरवेळी मी म्हणायचे, अक्का, तुझा फोटो फुकट वापरतायत, मागणीपत्रात तुझं नाव घालते. दरवेळी ती हात जोडायची. "तुझ्या पाया पडते, माझं नाव घेऊ नकोस. चाललंय ते चालू दे. हसायला मला काय कष्ट पडतात?" मला तिचा राग यायचा. माणसाला चौकटीत ठेवून खातात आणि हिला त्याचंच कौतुक! आमचं वर्षातून दोनदा तरी वाजायचं.

असं दोन हजार नऊपर्यंत चाललं. मग ती चौकट मालिकेत गेली.

सिनेमाचं बरं असतं, अडीच तासांत संपतो. मालिका रोज संध्याकाळी, आठवड्याचे पाच दिवस. त्यातल्या सुनेला कोणी छळलं की ती आईच्या फोटोपाशी येऊन रडायची, आणि तिला छळायला घरात नऊ माणसं होती. एका भागात पाच-पाच, सहा-सहा वेळा फोटो. कनकवल्ली टीव्हीसमोर पाट मांडून बसायची आणि हसायची. शेजारपाजारच्यांना वाटलं बाईच्या डोक्यावर परिणाम झाला. सहा महिन्यांत आवाज बसला.

आणि त्याच सुमारास शिवकोळुंदूची छाती दुखायला लागली. सरकारी इस्पितळात तपासलं. हृदयातली झडप खराब, शस्त्रक्रिया करावी लागेल, येत्या शुक्रवारी या.

मी सोमवारी घरी गेले तर दोघं दोन भिंतींना टेकून बसलेली.

"मी याला शुक्रवारी टेबलावर झोपू देणार नाही," ती घोगऱ्या आवाजात म्हणाली. "माझ्या गळ्यातला हार निघत नाही तोवर नाही."

"मला कोणी विचारलंय का?" शिवकोळुंदू म्हणाला. "छाती माझी आहे."

"तू गप बस."

"अक्का," मी म्हटलं, "डॉक्टर काय म्हणाले ते ऐकलंस ना? उशीर झाला तर—"

"तो आलाय, टेलरम्मा. इतकी वर्षं मी त्याला हसून परत पाठवला. सिनेमा संपायचा, हार निघायचा. हा हार निघतच नाही. इथे बसून हसून काय उपयोग? जिथे घातलाय तिथे जाऊन काढला पाहिजे."

मी तिला अंधश्रद्धेवर जे बोलायचं ते सगळं बोलले. अर्धा तास बोलले. तिने ऐकून घेतलं, कॉफी दिली, आणि म्हणाली, "बोलून झालं? आता जा आणि हार काढायचं बघ."

नवऱ्याने तर हातच टेकले. "टेलरम्मा, तिला समजावणं सोपं की हार काढणं सोपं, ते तूच बघ."

हार काढणं सोपं होतं. मी चेट्टियारांकडे गेले.

"चेट्टियार, ती चौदा नंबरची आई कुणाची?"

"आपलीच. का?"

"ती बाई कोण?"

"होती कोणीतरी. बिचारी लवकर गेली." त्यांनी भिंतीवरच्या रिकाम्या खिळ्याकडे बघून हात जोडले. "लक्ष्मी आहे ती दुकानाची. दर शुक्रवारी दिवा लावतो मी तिथे."

"ती रोज तुमच्या दारावरून भाजी घेऊन जाते."

म्हाताऱ्याने मला तिचा पत्ता विचारला, वय विचारलं, आणि खुर्चीवर बसून पाणी मागितलं. तीस वर्षं जिवंत बाईपुढे दिवा लावला, आता माझं काय होणार, हीच त्याची पहिली काळजी. मी म्हटलं, तुमचं जे व्हायचं ते होईल, आधी हिचं बघा. त्याने चिठ्ठी लिहून दिली. चौकट माझी आहे, हार उतरवायला माझी हरकत नाही.

चिठ्ठी घेऊन बुधवारी वळसरवाक्कमला मालिकेच्या शूटिंगच्या बंगल्यात गेले. मालिकेचा दिग्दर्शक तिरुमारन. वय तीस असेल, कानाला सतत फोन.

"आज नाही जमणार अम्मा," त्याने माझं अर्धंच ऐकून सांगितलं. "लग्नाचा सीन आहे. पुढच्या आठवड्यात बघू."

"शुक्रवारी तिच्या नवऱ्याचं ऑपरेशन आहे."

"मग मी काय डॉक्टर आहे?"

लग्नाच्या सीनला आमच्या संघटनेच्या बेचाळीस बायका उभ्या होत्या. डोक्यात गजरे, हातात ताटं. मी त्यांच्याकडे बघितलं. दुसरं काही करावं लागलं नाही. पहिल्यांदा पोन्नुत्तायी खाली बसली, मग तिच्या बाजूची. दोन मिनिटांत सगळं लग्न जमिनीवर बसलं होतं आणि नवरानवरी तेवढे उभे.

तिरुमारनने फोन कानावरून काढला. "हे काय चाललंय?"

"कोहळा आणायला माणूस पाठवा," मी म्हटलं. "तोवर बायका बसतील. उभ्या राहून पाय दुखतात त्यांचे."

"अम्मा, तुमच्यासारख्या शिकल्यासवरलेल्या बाईने असल्या गोष्टींसाठी काम अडवायचं?"

"मी शिकलेली नाही. आणि परवा स्वप्नाच्या सीनमध्ये तुमच्या हिरोला तिरडीवर ठेवलंत, तेव्हा दोन कोहळे फोडलेत. तेव्हा तुमचं शिक्षण कुठे होतं?"

जेवणाच्या सुट्टीत करायचं ठरलं.

कनकवल्ली रिक्षाने आली. सत्तावन्न वर्षांची, केस पांढरे, सुती साडी, पायात रबरी चप्पल. दारातल्या माणसाने तिला गर्दीच्या रांगेत उभं राहायला सांगितलं. ती सवयीने जाऊन उभीही राहिली, डावीकडून तिसरी. मी तिला हाताला धरून फोटोपाशी नेलं. ती चौकटीशेजारी उभी राहिली आणि मान जरा डावीकडे वळवली. कोणीतरी चप्पल काढली.

रोज त्या फोटोपुढे रडणारी पोरगी, मालिकेतली सून, पुढे आली. तिचं तोंड उतरलं होतं. "अम्मा, तुम्ही... मी तुम्हाला काय काय सांगितलं रोज..."

"ऐकलंय सगळं," कनकवल्ली म्हणाली. "त्या नवऱ्याला सोड तू. तुझ्या जाऊबरोबर आहे तो."

"ते पुढच्या महिन्यात कळणार आहे, अम्मा," तिरुमारन कळवळला. "आत्ताच सांगू नका तिला."

हार उतरवला. लाल बल्ब विझवला. कापूर ओवाळला, दारात कोहळा आपटला. बेचाळीस बायका गोल उभ्या. फोटोग्राफर म्हणाला, "अम्मा, हसा."

कनकवल्ली हसली. थिएटरातलं हसू, सव्वीस-अठ्ठावीस वर्षं मुरलेलं. बसलेल्या आवाजातून घरघरत निघालं आणि छताला लागलं. आवाजवाल्याने कानावरचे ठोकळे काढून फेकले. बायकाही हसायला लागल्या, कशाला हसतोय ते त्यांना माहीत नव्हतं. फोटो निघाला.

कनकवल्लीने घाम पुसला. म्हणाली, "झालं. आता शुक्रवारी जाऊ दे त्याला."

तिला जेमतेम पाणी मिळालं, तेवढ्यात तिरुमारनने टाळी वाजवली. "चला, चला! हार परत घाला. सून रडायचा शॉट राहिलाय."

माझ्या डोक्यात सणक गेली. "एऽ! आत्ता काढला ना? थट्टा लावलीय का बाईची?"

"मग काय करू? पुढच्या भागात आई जिवंत दाखवू? एकशे चौतीस भाग झाले तिला मरून!"

बायका पुन्हा खाली बसायच्या बेतात होत्या. कनकवल्लीने हात वर केला.

"थांब गं टेलरम्मा. ओरडू नकोस." ती तिरुमारनकडे वळली. "तुम्ही हार रोज घालणार?"

"रोज."

"किती दिवस?"

"लोक बघतायत तोवर."

"मग रोज पॅकअपला मला बोलवा. हार मी काढेन, हसेन, घरी जाईन. सकाळी तुम्ही परत घाला. माझी ना नाही."

तिरुमारनने माझ्याकडे बघितलं, मग बायकांकडे. "ठीक आहे."

"असं तोंडी नाही," मी म्हटलं. "कॉल शीटवर लिहा. गाडी, चहा, रोजची हजेरी."

मॅनेजर वही घेऊन आला आणि अडला. "भूमिका काय लिहू? आई लिहिता येत नाही, आई मेलीय."

"हसणारी लिहा," कनकवल्ली म्हणाली.

तसं लिहिलं गेलं. तो कागद माझ्याकडे आहे. वयाच्या सत्तावन्नाव्या वर्षी, सदतीस वर्षांच्या धंद्यात, तिला पहिल्यांदा सलग काम मिळालं. पुढचे तीनशे बारा दिवस तिला आणायला गाडी यायची.

शस्त्रक्रिया शुक्रवारी झाली आणि नीट झाली. मी शिवकोळुंदूला विचारलं, अण्णा, खरं सांगा, हार काढल्याने वाचलात की डॉक्टरने वाचवलं? तो म्हणाला, "हे बघ, डॉक्टरला मी हसताना बघितलं नाही." मी वाद घातला नाही. छातीला टाके होते.

ती मालिका संपली तरी रीत राहिली. आम्ही ती संघटनेच्या नियमांत घातली. भाड्याच्या फोटोतलं माणूस जिवंत असेल तर त्याला पॅकअपला बोलवायचं. लोकांनी तेरा नंबरची आई नेली नाही. उलट चौदा नंबरला मागणी वाढली. हिला बोलावलं की सेट हसतो, काम नीट होतं, असं कोणीतरी पसरवलं. चेट्टियारांनी शुक्रवारचा दिवा बंद केला आणि तिला वर्षाची भाजी दुकानाच्या नावावर लावून दिली. ती म्हणायची, देवपण गेलं, वांगी मिळाली.

दोन हजार सोळाच्या मार्चमध्ये ती गेली. ताप आला, तीन दिवसांत आटोपलं. शिवकोळुंदू तिच्या उशाशी होता.

घरी हार घालायला फोटो हवा होता. बिस्किटांच्या चार डब्यांत शेकडो फोटो निघाले, सगळे हसतानाचे. सोळाव्या दिवसाच्या विधीला आलेले नातेवाईक म्हणाले, असा कसा लावायचा, गंभीर बघा. गंभीर एकच होता, तो चौकटीत, आणि चौकट पोळ्ळाचीला शूटिंगवर गेलेली. चेट्टियार स्वतः आले होते. म्हणाले, फोन करून परत मागवतो. शिवकोळुंदूने मान हलवली. "नको. कामावर आहे ती." मग हसतानाचाच एक लावला.

तिथे बसले असतानाच माझा फोन वाजला. पोळ्ळाचीचा प्रॉडक्शन मॅनेजर होता, त्याला कोणी कळवलं नव्हतं.

"टेलरम्मा, उद्या पॅकअप आहे. कनकवल्ली अम्मांना इतक्या लांब कशाला त्रास द्यायचा? फोनवरच हसल्या तर चालेल का? आम्ही इथे स्पीकरवर लावतो."

मी म्हटलं, "गरज नाही आता."

त्याने विचारलं, "मग हार?"

"राहू द्या," मी म्हटलं.